ह्यूस्टन टेक्सन्स, २०२३: नव्या मुख्य प्रशिक्षकाच्या पदरी किती श्रेय टाकावे?

प्रश्न असा आहे: २०२२च्या हंगामात अवघे तीन सामने जिंकलेला ह्यूस्टन टेक्सन्स हा अमेरिकन फुटबॉलचा संघ २०२३मध्ये डेमीको रायन्स मुख्य प्रशिक्षक म्हणून येताच दहा सामने जिंकून एएफसी साउथ या आपल्या गटात पहिला आला. ही किमया प्रशिक्षकांची, की त्याच वर्षी संघात दाखल झालेल्या सी. जे. स्ट्राउड या नवख्या क्वार्टरबॅकची, म्हणजे आक्रमण चालवणाऱ्या आणि पास टाकणाऱ्या खेळाडूची? मी ह्यूस्टनच्या परिसरातील एका शाळेत बचावफळीचा सहायक प्रशिक्षक आहे. (टेक्सासच्या सरकारी शाळांत प्रशिक्षकाला नोकरीही त्याच शाळाखात्यात करावी लागते, त्यामुळे दिवसा मी गणित शिकवतो आणि तिसऱ्या प्रहरी मैदानावर असतो.) या संघाचे त्या हंगामातील सामने मी व्यवसायाचा भाग म्हणून, चित्रफिती मागेपुढे करत पाहिले आहेत. माझे मत असे की प्रशिक्षकांचे श्रेय मोठे आहे, पण प्रेक्षक ते जिथे शोधतात तिथे ते फारसे नाही. जोशपूर्ण भाषणांपेक्षा ते सहकाऱ्यांच्या निवडीत, धावत येणाऱ्या चेंडूला अडवण्याच्या पद्धतीत आणि हंगाम चालू असताना चुकलेली घडी पुन्हा बसवण्याच्या तयारीत आहे.

क्रिकेटवर वाढलेल्या वाचकाला एक गोष्ट आधी सांगायला हवी. क्रिकेटमध्ये मैदानावरचे बहुतेक निर्णय कर्णधार घेतो आणि प्रशिक्षक ड्रेसिंग रूममध्ये बसलेला असतो. अमेरिकन फुटबॉलमध्ये जवळजवळ प्रत्येक चाल सीमारेषेवरून ठरते. क्वार्टरबॅकच्या हेल्मेटमध्ये ध्वनियंत्र असते, त्यातून प्रशिक्षक त्याला चाल सांगतात आणि चाल सुरू करण्याच्या घड्याळात पंधरा सेकंद उरले की तो संपर्क आपोआप तुटतो. त्यामुळे येथे मुख्य प्रशिक्षक बदलणे म्हणजे कर्णधार, निवडसमिती आणि रणनीती यांचा बराचसा भाग एकाच वेळी बदलणे होय. मुख्य प्रशिक्षक स्वतः दोन्ही बाजूंच्या चाली सांगत नाहीत. आक्रमणासाठी एक समन्वयक असतो, बचावासाठी दुसरा. म्हणूनच नव्या प्रशिक्षकाचा पहिला आणि बहुधा सर्वांत महत्त्वाचा निर्णय कोणत्याही सामन्यात घेतला जात नाही. आपल्यासोबत कोणाला आणायचे, हा तो निर्णय.

रायन्स यांच्या हाती आलेला संघ मोडकळीला आलेला होता. २०२०मध्ये चार विजय आणि बारा पराभव, २०२१मध्ये डेव्हिड कली यांच्या हाताखाली चार विजय आणि तेरा पराभव, २०२२मध्ये लवी स्मिथ यांच्या हाताखाली तीन विजय, तेरा पराभव आणि एक बरोबरी. कली आणि स्मिथ या दोघांनाही एकेका वर्षातच घरी पाठवण्यात आले. स्मिथ यांची गच्छंती तर शेवटचा सामना जिंकल्याच्या संध्याकाळी झाली. इंडियानापोलिस येथील तो सामना टेक्सन्सनी ३२–३१ असा जिंकला. शेवटच्या मिनिटात चौथ्या, म्हणजे शेवटच्या संधीवर (पुढे सरकायला संघाला चार संधी मिळतात) वीस यार्ड हवे असताना त्यांना टचडाउन मिळाला, म्हणजे चेंडू समोरच्या टोकाच्या पट्ट्यात नेल्याचे सहा गुण, आणि पाठोपाठ दोन गुणही. महाविद्यालयीन खेळाडूंची निवड करताना सर्वांत वाईट कामगिरीचा संघ पहिला असतो, त्यामुळे त्या विजयाने पहिला क्रमांक हातातून निसटून शिकागोकडे गेला. ह्यूस्टनमध्ये तेव्हा अनेकांनी कपाळाला हात लावला होता. शिकागोने तो क्रमांक अदलाबदलीत कॅरोलायना पँथर्सला दिला, पँथर्सनी क्वार्टरबॅक ब्राइस यंगला घेतले आणि दुसऱ्या क्रमांकावर ह्यूस्टनच्या वाट्याला ओहायो स्टेटचा स्ट्राउड आला. हा योगायोग रायन्स यांच्या खात्यावर जमा करता येत नाही, कारण पहिला क्रमांक निसटला तेव्हा ते सॅन फ्रान्सिस्को फोर्टीनाइनर्सचे बचाव समन्वयक होते.

व्यवस्थापनाचे श्रेयही वेगळे काढायला हवे. सरव्यवस्थापक निक कसेरिओ यांनी २०२२च्या मार्चमध्ये क्वार्टरबॅक देशॉन वॉटसनला क्लीव्हलँड ब्राउन्सकडे पाठवून पहिल्या फेरीच्या तीन निवडी मिळवल्या होत्या. त्यांपैकी २०२३ची बारावी निवड आणि इतर निवडी ॲरिझोनाला देऊन त्यांनी तिसरा क्रमांक घेतला आणि अलाबामाच्या विल अँडरसनला आणले. म्हणजे एकाच संध्याकाळी, लागोपाठच्या दोन निवडींत, संघाला आक्रमणाचा आणि बचावाचा कणा मिळाला. पुढे हे दोघेही आपापल्या बाजूचे वर्षातील सर्वोत्तम नवोदित ठरले. असे दोन खेळाडू एका वर्षात मिळाले तर कोणताही प्रशिक्षक शहाणा दिसेल, असा आक्षेप घेतला जातो आणि तो अगदीच चुकीचा नाही.

या आक्षेपाला उत्तर द्यायचे तर त्याच वर्षीच्या इतर संघांकडे पाहावे. २०२३मध्ये एकूण पाच संघांनी नवे मुख्य प्रशिक्षक नेमले होते आणि वेळापत्रक असे पडले की टेक्सन्सना उरलेल्या चारही संघांशी खेळावे लागले. कॅरोलायनाने फ्रँक रायक यांना आणले. त्यांच्याकडे पहिल्या क्रमांकाचा क्वार्टरबॅक होता, स्वतः दीर्घकाळ क्वार्टरबॅक म्हणून खेळल्याचा अनुभव होता आणि पूर्वी मुख्य प्रशिक्षकपदही भूषवलेले होते. तरीही अकरा सामन्यांत एक विजय अशी अवस्था झाल्यावर नोव्हेंबरमध्येच त्यांना काढण्यात आले आणि संघाने हंगाम दोन विजय व पंधरा पराभवांवर संपवला. रायक यांचा तो एकमेव विजय ह्यूस्टनविरुद्धच होता, १५–१३, शेवटच्या क्षणीच्या फील्ड गोलवर (चेंडू लाथेने खांबांमधून मारून मिळणारे तीन गुण). ॲरिझोनात जोनाथन गॅनन चार विजयांवर थांबले, डेन्व्हरमध्ये शॉन पेटन आठ विजयांवर, तर इंडियानापोलिसमध्ये शेन स्टाइकेन यांनी आपला नवोदित क्वार्टरबॅक लवकरच जायबंदी होऊनही नऊ सामने जिंकले. मला विचाराल तर त्या वर्षी स्टाइकेन यांचे काम रायन्स यांच्या खालोखाल होते, पण त्याची चर्चा फारशी झाली नाही. सांगायचे एवढेच की उच्च क्रमांकाचा क्वार्टरबॅक मिळणे आणि त्याच्याभोवती खेळता येईल असा संघ उभा राहणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. कॅरोलायनाला पहिली मिळाली, दुसरी मिळाली नाही.

ही दुसरी गोष्ट रायन्स यांनी कशी साधली, हा खरा मुद्दा आहे. ते बचावाचे माणूस. २००६मध्ये याच टेक्सन्सनी त्यांना दुसऱ्या फेरीत लाइनबॅकर, म्हणजे बचावाच्या पुढच्या फळीमागे उभा राहणारा खेळाडू, म्हणून घेतले होते आणि त्या वर्षी ते बचावातील सर्वोत्तम नवोदित ठरले होते. बचावाची पार्श्वभूमी असलेला प्रशिक्षक नवखा क्वार्टरबॅक हाती आला की बहुधा ताकही फुंकून पितो: पहिल्या दोन संधींवर चेंडू घेऊन धावायचे, तिसऱ्या संधीला छोटा पास, जमले नाही तर चेंडू लाथाडून मोकळे व्हायचे. रायन्स यांनी सॅन फ्रान्सिस्कोहून बॉबी स्लोविक यांना आक्रमणाचे समन्वयक म्हणून आणले आणि आक्रमण त्यांच्या हाती सोपवले. स्लोविक यांनी यापूर्वी कोणत्याही संघासाठी चाली सांगितल्या नव्हत्या, म्हणजे मुख्य प्रशिक्षक, समन्वयक आणि क्वार्टरबॅक असे तिघेही आपापल्या जागी नवखे होते. हा जुगारच होता. मात्र त्यांनी आणलेली पद्धत नवख्याला मानवणारी होती: चाल सुरू होण्याआधी एखादा खेळाडू आडवा हलवून समोरचा बचाव काय करणार हे उघड करून घ्यायचे, धाव घेणार असे भासवून मैदानाचा मधला भाग मोकळा करायचा आणि तिथे पंधरा-वीस यार्डांवर पास टाकायचा. स्ट्राउडची नजर आणि अचूकता या कामासाठीच घडली असावी. पहिल्या पाच सामन्यांत त्याचा एकही पास प्रतिस्पर्ध्याच्या हाती गेला नाही. पंधरा सामन्यांत ४,१०८ यार्ड, तेवीस टचडाउन पास आणि केवळ पाच इंटरसेप्शन (प्रतिस्पर्ध्याने पकडलेले पास) हा हिशेब नवख्याचा वाटत नाही.

सुरुवात मात्र निराशाजनक झाली. बाल्टिमोरमध्ये ९–२५ आणि घरच्या मैदानावर इंडियानापोलिसविरुद्ध २०–३१ असे पहिले दोन्ही सामने गेले. आक्रमणाच्या पुढच्या फळीत दुखापतींची रांग लागली होती. लॅरेमी टन्सिल हा या फळीच्या डाव्या टोकाचा खेळाडू पहिल्या सामन्यानंतरचे काही सामने खेळू शकला नाही, टायटस हॉवर्ड हंगामाच्या सुरुवातीलाच बाहेर होता. तरीही चौथ्या आठवड्यात राखीव खेळाडूंची ती फळी घेऊन त्यांनी पिट्सबर्गला ३०–६ असे हरवले, आणि टी. जे. वॉटसारखा क्वार्टरबॅकचा कर्दनकाळ समोर असताना स्ट्राउडला एकदाही सॅक होऊ दिले नाही, म्हणजे पास टाकण्याआधी पाडू दिले नाही. चित्रफितीत याचे कारण स्पष्ट दिसते: चेंडू त्याच्या हातातून लवकर सुटतो आणि वॉटच्या बाजूला बहुतेक वेळा दुसरा माणूस मदतीला असतो. हे खेळाडूचे कौशल्य आहे, तसेच आठवडाभर केलेल्या आखणीचेही.

बचावातला बदल अधिक खोलवरचा आहे आणि तो दाखवायला आकडा पुरेसा आहे. २०२२मध्ये टेक्सन्स प्रतिस्पर्ध्याला दर सामन्यात सरासरी १७० यार्ड धावू देत होते, संपूर्ण लीगमध्ये सर्वांत वाईट. २०२३मध्ये ही सरासरी शंभरच्या आत आली. खेळाडूंची आयात हे त्याचे एक कारण आहे, पण पद्धत बदलली हे मोठे कारण. स्मिथ यांच्या पद्धतीत मागची फळी बरीच खोल राहून मोठी चाल होऊ देत नसे, पण समोरून चार-पाच यार्ड सहज मिळत. रायन्स यांनी दोन्ही टोकांचे खेळाडू बाहेरच्या बाजूला रुंद उभे केले आणि पुढच्या फळीतल्या चारही जणांना चेंडू हलताक्षणी थांबून न पाहता थेट आत घुसण्याची मुभा दिली. या रचनेत एक उघड धोका आहे: टोकाचा खेळाडू आणि त्याच्या आतला खेळाडू यांच्यात मोठी फट पडते, आणि तिथून धावणारा निसटला तर मागे फारसे कोणी नसते. ती फट बुजवण्याची जबाबदारी लाइनबॅकरवर येते, आणि त्याला त्यासाठी जेमतेम अर्धा सेकंद मिळतो. समोरच्या गार्डची, म्हणजे आक्रमणाच्या पुढच्या फळीतल्या खेळाडूची, कंबर कोणत्या बाजूला वळते हे पाहून पहिले पाऊल पुढे टाकायचे. ते पाऊल बाजूला किंवा मागे पडले, की तीन यार्डांची धाव दहाची होते. शाळेतल्या मुलांना हे एक पाऊल शिकवता शिकवता आमचा अख्खा ऑगस्ट जातो. दहा वर्षे हीच जागा खेळलेल्या प्रशिक्षकाच्या संघात ते पाऊल पुढे पडू लागले, यात मला नवल वाटत नाही. अँडरसन, साडेबारा सॅक करणारा जॉनथन ग्रीनार्ड आणि मागे पाच इंटरसेप्शन घेणारा डेरेक स्टिंगली यांच्याबद्दल बरेच बोलले जाते, मात्र हंगामाचा पाया धाव अडवण्यात होता.

नव्या प्रशिक्षकाची पारख आणखी एका ठिकाणी होते, ती म्हणजे हंगामाच्या मध्यावर स्वतःचाच बेत मोडण्याची तयारी आहे की नाही. धावण्याचे मुख्य काम सुरुवातीला डेमिऑन पिअर्सकडे होते. आदल्या वर्षी त्याने पडत्या संघातही ९३९ यार्ड काढले होते, त्यामुळे तो लाडका होता. नव्या पद्धतीत त्याचे पाय जुळेनात, एका धावेला त्याला तीन यार्डही मिळेनात. नोव्हेंबरमध्ये ते काम डेविन सिंगलटरीकडे गेले आणि सिनसिनाटीविरुद्ध त्याने १५० यार्ड काढले. लाडक्या खेळाडूला बाजूला करताना प्रशिक्षकांनी कोणताही गाजावाजा केला नाही, हे मला विशेष वाटते.

टँपा बे बकनिअर्सविरुद्धचा ५ नोव्हेंबरचा सामना स्ट्राउडच्या ४७० यार्डांसाठी आणि पाच टचडाउन पाससाठी लोकांच्या लक्षात आहे. एका सामन्यात नवोदित खेळाडूने काढलेले ते सर्वाधिक यार्ड आहेत. पण प्रशिक्षक म्हणून माझे लक्ष दुसरीकडे जाते. किकर, म्हणजे चेंडू लाथेने मारून गुण मिळवणारा काइमी फेअरबेर्न, सामन्यातच जायबंदी झाला. किकर नसला की संघाचे सगळे गणित कोलमडते, कारण प्रत्येक टचडाउननंतर दोन गुणांसाठीच जावे लागते आणि लांबून मिळणारे तीन गुण विसरावे लागतात. चौथ्या डावात, म्हणजे सामन्याच्या शेवटच्या चतुर्थांशात, ३०–३० अशी बरोबरी असताना त्यांनी डेरे ओगुनबोवाले या धावणाऱ्या खेळाडूला २९ यार्डांचा फील्ड गोल मारायला पाठवले आणि त्याने तो मारला. असा खेळाडू कोण, हे आधी कधीतरी कुणीतरी सरावात तपासून ठेवलेले असते, तेव्हाच त्या क्षणी नाव सुचते. त्यानंतर टँपाने ३७–३३ अशी आघाडी घेतली तेव्हा ४६ सेकंद उरले होते. स्ट्राउडने संघाला ७५ यार्ड पुढे नेले आणि सहा सेकंद बाकी असताना टँक डेलला पंधरा यार्डांचा पास दिला. ३९–३७. शेवटच्या त्या चाळीस सेकंदांचे श्रेय मी निःसंकोच क्वार्टरबॅकला देतो.

नशिबाचा वाटाही मोजायला हवा. दहा विजयांपैकी सात विजय एकाच टचडाउनच्या अंतरातले होते, आणि अशा एकूण दहा निसटत्या सामन्यांत टेक्सन्स केवळ तीनदा हरले. हे प्रमाण वर्षानुवर्षे टिकत नाही, हे या खेळात काम करणाऱ्या कुणालाही ठाऊक असते. शिवाय आदल्या वर्षी गटात तळाला राहिल्यामुळे वेळापत्रकातले तीन प्रतिस्पर्धी न्यूयॉर्क जेट्स, डेन्व्हर ब्रॉन्कोज आणि ॲरिझोना कार्डिनल्स, म्हणजे आपापल्या गटात तळाला राहिलेले संघ होते. पण उरलेल्या वेळापत्रकात एएफसी नॉर्थचे चार संघही होते, आणि त्या वर्षी त्या चौघांनीही हरले त्यापेक्षा जास्त सामने जिंकले. त्यामुळे सोपे वेळापत्रक मिळाले, हा आरोप अर्धाच खरा आहे.

डिसेंबरमध्ये संघाची खरी परीक्षा झाली. डेन्व्हरविरुद्ध विजय मिळाला, पण डेलचा पाय मोडला आणि त्याचा हंगाम तिथेच संपला. पुढच्याच आठवड्यात जेट्सकडून ६–३० असा मार बसला आणि स्ट्राउडच्या डोक्याला दुखापत झाली. त्याच्याविना टेक्सन्स १७ डिसेंबरला टेनेसी टायटन्सच्या मैदानावर गेले. टायटन्स म्हणजे १९९६पर्यंत ह्यूस्टनचे असलेले ऑइलर्स. त्या दिवशी त्यांनी ऑइलर्सचाच जुना निळा पोशाख घातला होता आणि ह्यूस्टनकरांच्या जखमेवर मीठ चोळले होते. अनुभवी राखीव क्वार्टरबॅक केस कीनमच्या हाताखाली, अतिरिक्त वेळेत, बऱ्या होऊन परतलेल्या फेअरबेर्नच्या ५४ यार्डांच्या गोलवर टेक्सन्स १९–१६ जिंकले. प्रशिक्षकाचे काम क्वार्टरबॅकपासून वेगळे करून पाहायचे असेल तर पाहावा तो हा सामना: स्ट्राउड नाही, डेल नाही, आक्रमण अडखळते आहे, आणि बचावफळी आठवडाभरापूर्वी तीस गुण देऊनही कोलमडलेली नाही. पुढच्या आठवड्यात मात्र क्लीव्हलँडच्या अमारी कूपरने त्यांच्याविरुद्ध २६५ यार्ड काढले, तेव्हा बचाव अभेद्य झाला होता असे कुणी म्हणू नये.

६ जानेवारी २०२४ला इंडियानापोलिसमध्ये हंगामाचा शेवटचा सामना होता, आणि हरणाऱ्याचा हंगाम तिथेच संपणार होता. टेक्सन्सच्या पहिल्याच चालीवर स्ट्राउडने निको कॉलिन्सला ७५ यार्डांचा टचडाउन पास दिला. अशा सामन्यात पहिल्या चालीला लांब पास सांगणे हा सावध प्रशिक्षकाचा निर्णय नव्हे. शेवटी इंडियानापोलिसच्या कोल्ट्सना चौथ्या संधीवर एक यार्ड हवा होता, सर्वजण धावेची वाट पाहत होते, त्यांनी पास टाकला आणि मोकळ्या असलेल्या खेळाडूच्या हातातून तो निसटला. २३–१९. तो चेंडू पकडला गेला असता तर कदाचित आज हा प्रश्नच कुणी विचारला नसता. दुसऱ्या दिवशी गटातले प्रतिस्पर्धी जॅक्सनव्हिल हरले आणि गटाचे विजेतेपद ह्यूस्टनकडे आले.

बाद फेरीत त्यांनी ब्राउन्सना ४५–१४ असे धुतले. तिसऱ्या डावात जो फ्लॅकोचे लागोपाठच्या दोन आक्रमणांतले पास स्टीव्हन नेल्सन आणि क्रिश्चन हॅरिस यांनी पकडून थेट टचडाउनपर्यंत नेले. पुढच्या फेरीत बाल्टिमोरने ३४–१० असे हरवले, आणि माझ्या मते हा पराभव त्या हंगामातला सर्वांत बोलका सामना आहे. मध्यंतराला १०–१० होते, पण टेक्सन्सचा एकमेव टचडाउन पंट, म्हणजे बाल्टिमोरने लाथाडलेला चेंडू, परतवून मिळाला होता. आक्रमणाने संपूर्ण सामन्यात तीनच गुण काढले. पहिल्या आठवड्यात याच संघाविरुद्ध तीन फील्ड गोलच मिळाले होते. म्हणजे चार महिन्यांत सारे काही सुधारले, पण क्वार्टरबॅकवर कोण चाल करून येणार हे शेवटपर्यंत लपवणाऱ्या बचावापुढे स्लोविक यांच्या आखणीकडे दोन्ही वेळा उत्तर नव्हते. प्रेक्षकांच्या गोंगाटात पुढची फळी चाल सुरू होण्याआधीच हलून पुन्हा पुन्हा दंड ओढवून घेत होती, आणि धावून दोनशेहून अधिक यार्ड बाल्टिमोरने काढले ते वेगळेच.

वर्षातील सर्वोत्तम प्रशिक्षकाचा पुरस्कार अगदी निसटत्या फरकाने क्लीव्हलँडच्या केव्हिन स्टेफान्स्की यांना मिळाला. त्यावर ह्यूस्टनमध्ये बरीच नाराजी होती, मला ती अनाठायी वाटते, कारण स्टेफान्स्की यांनी चार वेगवेगळ्या क्वार्टरबॅकांसह सामने जिंकले होते. रायन्स यांच्या कामाचे मोजमाप २०२४च्या हंगामाने अधिक नीट केले. त्या वर्षीही दहा विजय आणि गटाचे विजेतेपद, बाद फेरीत एक विजय आणि दुसऱ्या फेरीत पराभव, असा तंतोतंत तोच निकाल लागला, पण स्ट्राउडला बावन्न वेळा सॅक झाले आणि त्याचे इंटरसेप्शन पाचावरून बारावर गेले. आक्रमण घसरले तरी निकाल तोच राहिला, याचा अर्थ वजन बचावफळीने उचलले. हंगाम संपताच, जानेवारी २०२५मध्ये, रायन्स यांनी स्लोविक यांना पदमुक्त केले, आणि मार्चमध्ये टन्सिललाही वॉशिंग्टनकडे पाठवण्यात आले.